माइनक्राफ्टमधले डायमंड आणि नेदराइट: कुठं खणायचं, कधी फोडायचं

कोल्हापुरात मे महिन्याची सुट्टी लागली की पेठेत काय, कॉलनीत काय, एका वायफायवर चार-पाच पोरं माइनक्राफ्टचं एकच वर्ल्ड (खेळातलं जग) उघडून बसतात आणि थोड्याच वेळात कुणीतरी सांगतो, "वाय ११ ला जा, डायमंड तिथंच असतात." वाय म्हणजे खेळातली उंची. हा सल्ला कधीचा जुना झालाय. ३० नोव्हेंबर २०२१ ला १.१८ आवृत्ती आली आणि जगाचा तळ ० वरून -६४ वर गेला. डायमंड आता वाय १६ पासून खाली मिळतात आणि जितकं खाली जाल तितके वाढत जातात. ११ वर एखादा सापडेलही, पण तेवढ्याच मेहनतीत खाली कितीतरी जास्त सापडतील.

आधी उंची बघायची सोय करा. कॉम्प्युटरवरच्या जावा आवृत्तीत एफ३ दाबलं की एक्स, वाय, झेड दिसतात. त्यातला मधला आकडा आपला. मोबाईलवर बेडरॉक आवृत्ती खेळत असाल तर वर्ल्डच्या सेटिंगमध्ये 'शो कोऑर्डिनेट्स' चालू करा. त्यानं अचीव्हमेंट बंद होत नाहीत, त्यामुळं बिनधास्त करा.

पायाखालचा आकडा -५९ ते -५८ ठेवून बोगदा काढायचा. त्याच्या खाली -६० पासून बेडरॉक नावाचा तळाचा दगड सुरू होतो, तो फुटत नाही. एक अडचण मात्र आहे: -५४ च्या खालच्या गुहा लाव्हानं भरलेल्या असतात. भीती वाटत असेल तर -५३ वर खणा. डायमंड थोडे कमी मिळतील, पण सामानासकट जळायचा धोकाही कमी.

गुहेत फिरून डायमंड शोधणं पोरांना आवडतं, कारण खणावं लागत नाही. पण गेम जग तयार करतो तेव्हाच हवेला लागून येणारे बरेच डायमंड गाळून टाकतो. म्हणजे गुहेच्या भिंतीत जे दिसतं ते उरलंसुरलं, खरा माल भरीव दगडाच्या पोटात. म्हणून बोगदाच काढायचा: एक ब्लॉक रुंद, दोन ब्लॉक उंच असा एक मुख्य रस्ता आणि त्याला दोन्ही बाजूंनी फाटे. दोन फाट्यांमध्ये दोन ब्लॉक सोडले तर मधलं काहीच नजरेतून सुटत नाही. आमचं मत विचाराल तर तीन सोडा. डायमंड सहसा घोळक्यानं असतात, त्यामुळं तीन सोडल्यानं एखादा एकटादुकटा सुटेल, पण तेवढ्याच खणण्यात जास्त मोठा भाग पालथा घालून होतो.

डायमंड, गोल्ड, रेडस्टोन, एमराल्ड हे सगळं फोडायला किमान आयर्न पिकॅक्स (लोखंडी कुदळ) लागते. स्टोनच्या पिकॅक्सनं डायमंड फोडला तर ब्लॉक फुटतो आणि हातात काहीच येत नाही. नवशिक्यांचा पहिला डायमंड हमखास असाच जातो. आयर्न पिकॅक्स २५० ब्लॉक टिकते, म्हणजे दोन ब्लॉक उंचीचा १२५ ब्लॉक लांब बोगदा. आयर्न कमी असेल तर बोगदा स्टोनच्या पिकॅक्सनं काढा आणि ओअर (खनिजाचा ब्लॉक) दिसलं की आयर्नची हातात घ्या. खालचा डीपस्लेट (खोलवरचा गडद दगड) साध्या दगडाच्या दुप्पट कठीण असल्यानं वेळ लागतो, पण फोडल्यावर मिळणाऱ्या कॉबल्ड डीपस्लेटपासून तिथंच नवीन स्टोन पिकॅक्स बनते. त्यासाठी लाकडाचे ओंडके बरोबर असू द्या. क्राफ्टिंग टेबल, काड्या, टॉर्चच्या दांड्या सगळं त्यातूनच होतं. शिवाय पाण्याची बादली, दोन स्टॅक (६४ चा एक गठ्ठा) टॉर्च आणि शिजवलेलं मांस.

लाव्हाची चाहूल आधी लागते, फक्त लक्ष द्यायला हवं. छताच्या ब्लॉकमधून नारिंगी थेंब ठिबकताना दिसले की समजायचं, बरोबर त्या ब्लॉकच्या वर लाव्हा आहे. तो ब्लॉक सोडून वळा. बुडबुड्यांचा आवाज वाढत चालला तर एकेक ब्लॉक फोडत जा आणि कॉबल हातात तयार ठेवा. पायाखालचा ब्लॉक सरळ खाली कधीच फोडू नका. डायमंड दिसला की लगेच त्यावर तुटून पडू नका. आधी त्याच्या चारी बाजू, वर आणि खाली मोकळं करून बघा. खाली लाव्हा असेल तर फोडलेला डायमंड त्यात पडून जळतो आणि परत मिळत नाही. लाव्हा दिसला तर पाणी ओता, तो घट्ट झाला की मग ओअर फोडा. कोपऱ्यांचे तिरपे ब्लॉकही तपासा. घोळक्यातला एखादा तिरका लागून असतो आणि तोच राहून जातो.

खणताना भिंतीत काळपट निळे, ठिपक्यांचे स्कल्क ब्लॉक लागले तर भोक बुजवा आणि दिशा बदला. ते डीप डार्क. तिथले श्रीकर (किंचाळणारे स्कल्क ब्लॉक) पुन्हा पुन्हा वाजले की वॉर्डन नावाचा राक्षस बाहेर येतो, आणि पूर्ण डायमंड चिलखत घालूनही त्याच्यासमोर दोन-चार फटक्यांवर निभाव लागत नाही.

आता सगळ्यात महत्त्वाचं. सापडलेला प्रत्येक डायमंड लगेच फोडायचा नसतो. सुरुवातीला पाचच फोडा. तीनची पिकॅक्स बनते, त्या पिकॅक्सनं ऑब्सिडियन (काळा कठीण दगड) निघतो, आणि उरलेले दोन, चार ऑब्सिडियन आणि एक पुस्तक मिळून एन्चांटिंग टेबल (वस्तूंवर जादू चढवायचं टेबल) होतो. पुढं सापडतील ते ओअर जागेवरच ठेवा, शेजारी टॉर्च लावा आणि आकडे वहीत लिहून ठेवा. टेबलाभोवती १५ बुकशेल्फ लावले की लेव्हल ३० चे एन्चांटमेंट उघडतात. त्यातून किंवा गावातल्या लायब्रेरियनकडून फॉर्च्यून ३ (एका ओअरमधून जास्त माल पाडणारी जादू) मिळवा. टेबलाला दर खेपेला लागणारी लॅपिस वाय ० च्या आसपास सर्वात जास्त असते, खाली उतरतानाच वेचत जा.

फॉर्च्यून ३ चा हिशोब साधा आहे. दहापैकी चार वेळा एकच डायमंड पडतो, बाकीच्या सहा वेळा दोन, तीन किंवा चार. सरासरी येते २.२. डायमंडच्या पूर्ण चिलखताला २४ लागतात: हेल्मेट ५, चेस्टप्लेट ८, लेगिंग्ज ७, बूट ४. फॉर्च्यूनशिवाय २४ ओअर शोधावे लागतील, फॉर्च्यून ३ असेल तर अकराएक पुरतात. धीर नसलेली पोरं इथंच अर्ध्याहून जास्त माल घालवतात. ओअर घरी आणून मग फोडायचे असतील तर सिल्क टच (ओअर अख्खं काढणारी जादू) लावलेली वेगळी पिकॅक्स ठेवा. एकाच पिकॅक्सवर दोन्ही बसत नाहीत.

एमराल्डसाठी डोंगर पोखरू नका. तो फक्त डोंगराळ बायोममध्ये (प्रदेशात), बहुतेक एकेकटा येतो. गावातला फ्लेचर (बाण बनवणारा) ३२ काड्यांना एक एमराल्ड देतो; दोन झाडं तोडली की काम झालं. गोल्ड मात्र शोधावंच लागतं, आणि बॅडलँड्स बायोम जवळ असेल तर तिथं वाय ३२ च्या वर भरपूर असतं.

नेदराइट म्हणजे डायमंडच्या वरचा धातू; त्यासाठी एन्शंट डेब्री हा ब्लॉक लागतो. तो फक्त नेदरमध्ये (खेळातल्या आगीच्या दुसऱ्या जगात) मिळतो आणि त्याला डायमंड पिकॅक्सच लागते. हा तर हवेला लागून तयारच होत नाही, म्हणून नेदरच्या गुहांत फिरून तो दिसणारच नाही. वाय १५ वर जाऊन बोगदा काढा. एका ठिकाणी एक ते तीनच ब्लॉक असतात. नेदररॅक (नेदरचा दगड) मऊ असतो. डायमंड पिकॅक्सवर एफिशियन्सी २ (खणायचा वेग वाढवणारी जादू) असली तरी तो हात लावताच फुटतो. फॉर्च्यूनचा डेब्रीवर काहीही परिणाम नाही.

हातानं खणण्यापेक्षा स्फोट करणं परवडतं, कारण नेदररॅक उडून जातो आणि डेब्री जागेवर राहतो. टीएनटी असेल तर आधी लांब बोगदा काढा, चार-पाच ब्लॉकच्या अंतरानं टीएनटी ठेवत या आणि शेवटचा पेटवून मागं पळा. चार सेकंद मिळतात. टीएनटी नसेल तर पलंग. नेदरमध्ये पलंगावर झोपायला गेलं की तो फुटतो, टीएनटीपेक्षा जोरात. पलंग समोर लांबवर टाकायचा, स्वतःच्या आणि पलंगाच्या मध्ये पायाच्या उंचीवर एक ब्लॉक ठेवायचा आणि वरून क्लिक करायचं. तो ब्लॉक विसरलात तर मरण ठरलेलं. स्फोटानंतर आग लागते आणि भिंतीमागचा लाव्हाही मोकळा होतो, आणि नेदरमध्ये पाणी ओतता येत नाही. म्हणून फायर रेझिस्टन्सची बाटली पिऊनच सुरू करा. रेडस्टोन घातलेली ८ मिनिटं चालते. अंगावर सोन्याची एक तरी वस्तू हवी, नाहीतर पिगलिन (नेदरमधले डुकरासारखे जीव) अंगावर येतात. त्यांच्यासमोर सोनं खणलं तर सोनं घालूनही चिडतात.

जुलैच्या पावसात लाईट कधी जाईल सांगता येत नाही. जावात एकट्यानं खेळत असाल तर डेब्री हातात आला की एस्केप दाबा, गेम तिथंच सेव्ह होतो.

डेब्री भट्टीत भाजला की स्क्रॅप मिळतो. चार स्क्रॅप आणि चार गोल्ड इन्गॉट (सोन्याच्या विटा) मिळून एक नेदराइट इन्गॉट. चार चिलखतं आणि पाच हत्यारं अशा नऊ वस्तूंना ३६ डेब्री आणि ३६ गोल्ड. १.२० पासून प्रत्येक वस्तूला एक अपग्रेड टेम्प्लेटही लागतो. तो बॅस्टियनमध्ये (नेदरमधल्या पिगलिनच्या किल्ल्यात) मिळतो, खजिन्याच्या खोलीच्या पेटीत तर हमखास. हातातला शेवटचा टेम्प्लेट कधीच वापरू नका, आधी प्रत काढा: एक टेम्प्लेट, एक नेदररॅक आणि सात डायमंड दिले की दोन होतात. एकाचे नऊ करायला ५६ डायमंड जातात, म्हणजे वर सांगितलेलं फॉर्च्यून इथंही कामाला येतं.

पहिला इन्गॉट चेस्टप्लेटला घाला. पिकॅक्सचा वेग नेदराइटनं जेमतेम वाढतो, पण चिलखत जास्त टिकतं, मागं ढकललं जाणं कमी होतं आणि तुम्ही मेलात तरी ते लाव्हात जळत नाही. स्मिथिंग टेबलवर अपग्रेड करताना आधीचे एन्चांटमेंट तसेच राहतात आणि लेव्हलही खर्च होत नाहीत, त्यामुळं सगळं डायमंडवरच पूर्ण करून मग नेदराइट चढवा.