वर्षभर रोज व्हिडिओ कसा करायचा: झे फ्रँककडून काय उचलायचं

चॅनल सुरू करायचंय म्हणून महिनोन्‌महिने माईक आणि रिंग लाईटच बघत बसलेल्यांना माझं सांगणं एकच, आधी झे फ्रँकचं २००६ सालचं काम बघा. अमेरिकेतला माणूस, कॉलेजात न्यूरोसायन्स शिकलेला. २००१ मध्ये स्वतःच्या वाढदिवसाचं आमंत्रण म्हणून नाचाच्या वेड्यावाकड्या स्टेप्स करून मित्रांना ईमेल केल्या आणि ते जगभर फिरलं. मग १७ मार्च २००६ ला त्याने स्वतःच्या वेबसाईटवर शो सुरू केला, सोमवार ते शुक्रवार रोज एक, दोन-तीन मिनिटांचा, आणि बरोब्बर वर्षाने, १७ मार्च २००७ ला बंद केला.

तर पहिलं काम, शेवटची तारीख ठरवा. मी "जमेल तसं करू" म्हणून सुरू केलं तेव्हा नऊ व्हिडिओत थांबलो, नंतर ३० दिवस असं कॅलेंडरवर लिहून केलं तर तीसच्या तीस झाले. वर्ष झेपत नसेल तर महिना घ्या, पण तारीख पाहिजेच.

शूटिंग अगदी सोपं आहे. कॅमेरा तोंडाजवळ, फ्रेममध्ये चेहराच, मागे साधी भिंत. एक वाक्य बोला, थांबा, पुढचं बोला, चुकलं तर तेच परत बोला, रेकॉर्डिंग बंद करू नका. मग एडिटला बसून प्रत्येक श्वास, प्रत्येक "म्हणजे", प्रत्येक "अं" कापून टाका, पापणी लवली तिथेही कापा. झे फ्रँक डोळे न मिटता बोलतोय असं वाटायचं, नजर हलवावीशीच वाटत नाही. कट फार खटकला तर पुढचा तुकडा थोडा झूम करा, झालं.

आता सगळ्यात महत्त्वाचं, आयडिया साठवू नका. तो म्हणायचा की डोक्यात ठेवलेली आयडिया रोज आणखी सुंदर दिसायला लागते, तिचं व्यसन लागतं, आणि मग ती करायचीच भीती वाटते. म्हणून सुचली की त्याच आठवड्यात करायची, कच्ची असली तरी.

आणि बघणाऱ्यांना हाताने करायचं काम द्या. त्याने सांगितलं, पृथ्वीचं सँडविच करा, म्हणजे गोलाच्या बरोब्बर समोरासमोरच्या दोन जागी जमिनीवर ब्रेड ठेवा, आणि लोकांनी स्पेन आणि न्यूझीलंडमध्ये खरंच ठेवले! (पुण्यातून जमणार नाही, आपल्या बरोब्बर खाली पॅसिफिक महासागर येतो.) असा माणूस नुसता प्रेक्षक राहत नाही. २०१२ मध्ये नव्या शोसाठी त्याने किकस्टार्टरवर (लोकांकडून वर्गणी जमवायची वेबसाईट) मदत मागितली तर जवळपास दीड लाख डॉलर जमले, मधे पाच वर्षं शो बंद होता तरी. हँक आणि जॉन ग्रीन या अमेरिकन यूट्यूबर भावांनी १ जानेवारी २००७ पासून वर्षभर एकमेकांना व्हिडिओ पाठवले तेही त्याचंच बघून.

आज रात्री फोन पुस्तकांच्या ढिगाला टेकवून ठेवा, दोन मिनिटं बोला, श्वास कापा आणि झोपायच्या आधी टाकून द्या.