रोरी गॅलाहरचे अल्बम पारखायचे तर आधी साथ ऐका

ब्लूज-रॉक, म्हणजे अमेरिकन ब्लूज आणि रॉकचं मिश्रण, वाजवणाऱ्या गिटारवाल्याचा अल्बम लावला की बहुतेक जण थेट सोलोवर, म्हणजे एकट्या गिटारच्या तुकड्यावर, उडी मारतात. किती जलद वाजवलं, किती वेळ वाजवलं, आणि तेवढ्यावर निकाल देऊन मोकळे. मला हे पटत नाही. स्वतःच्या नावाने अल्बम काढणाऱ्या गिटारवादकाला जोखायचं असेल, तर गिटार सगळ्यात शेवटी ऐकावी. आधी साथ, म्हणजे बेस आणि ड्रम, मग गाणं, मग गिटार. रोरी गॅलाहरचे अल्बम मी वर्षानुवर्षं असेच ऐकत आलोय, आणि ज्याला ते नव्याने ऐकायचे आहेत त्याच्यासाठी ही रीत लिहून काढतो आहे.

मी गोव्यातल्या फोंडा तालुक्यातला. चवथीच्या दिवसांत आमच्या वाड्यावर घुमट आरतीला (घुमट हे मातीचं चर्मवाद्य) शामेळ, म्हणजे काठ्यांनी वाजवायचं तालवाद्य, वाजवतो. घुमटं चार असोत की सहा, गाणारे कितीही असोत, आरती उभी राहते ती शामेळ आणि कासाळ्यांवर, म्हणजे झांजांवर. लय वर चढवायची कधी आणि धरून ठेवायची कधी, हे तिथे ठरतं. त्यामुळे कुठलंही संगीत लागलं की माझा कान आधी तालवाल्याकडे वळतो. रोरीच्या बाबतीत ही सवय फार उपयोगी पडते.

हा माणूस आयर्लंडचा. १९४८ मध्ये डोनेगल परगण्यातल्या बॅलीशॅननला जन्मला, कॉर्क शहरात वाढला, १९९५ मध्ये लंडनला सत्तेचाळिसाव्या वर्षी गेला. आधी ‘टेस्ट’ नावाचं त्याचं तिघांचं त्रिकूट होतं, ते १९७० च्या अखेरीस मोडलं. १९७१ पासून १९९० पर्यंत त्याने स्वतःच्या नावावर चौदा अल्बम काढले: अकरा स्टुडिओतले, तीन मैफलीतले. त्याची १९६१ ची फेंडर स्ट्रॅटोकास्टर गिटार, जी त्याने पोरवयात कॉर्कमधल्या दुकानातून उधारीवर घेतली आणि जिचा रंग पुढे जवळजवळ सगळा उडून गेला, तिच्याबद्दल पुष्कळ लिहिलं गेलंय. तिच्या गोष्टी वाचायला छान आहेत, पण अल्बम पारखायला त्यांचा उपयोग नाही.

पहिलं काम कागदावरचं. चौदा नावं वर्षानुसार लिहा आणि प्रत्येकापुढे ड्रमवाल्याचं नाव टाका. बेसवाला एकच, बेलफास्टचा गेरी मॅकाव्हॉय. तो १९७१ पासून १९९१ पर्यंत रोरीसोबत होता. ड्रमवाले मात्र बदलले, आणि ते बदलले की अल्बमांची चाल बदलली. ‘रोरी गॅलाहर’, ‘ड्यूस’ आणि ‘लाइव्ह इन युरोप’ हे विल्गर कॅम्पबेलचे. ‘ब्लूप्रिंट’, ‘टॅटू’, ‘आयरिश टूर ७४’, ‘अगेन्स्ट द ग्रेन’, ‘कॉलिंग कार्ड’ हे पाच रॉड डीएथचे, आणि याच पाचांत लू मार्टिन पियानो-ऑर्गनवर आहे. ‘फोटो-फिनिश’, ‘टॉप प्रायॉरिटी’, ‘स्टेज स्ट्रक’ टेड मॅकेनाचे. शेवटचे तीन, ‘जिंक्स’, ‘डिफेंडर’, ‘फ्रेश एव्हिडन्स’, ब्रेंडन ओनीलचे. हे चार गट डोळ्यांसमोर असले की अर्धी पारख झालीच. एका गटातला अल्बम दुसऱ्या गटातल्याशी लगेच ताडून पाहू नका. आधी गटातल्या गटात बघा.

मग ऐकायला बसा, पण मोबाइलच्या बारक्या स्पीकरवर नको. त्यात बेस येतच नाही, आणि बेस नसेल तर ही सगळी रीत फुकट. साधे तारेचे हेडफोनही चालतील. पहिल्या फेरीत गिटारकडे लक्ष जाऊ द्यायचं नाही. हे बोलायला सोपं, करायला कठीण. माझा भाचा मडगावच्या एका बँडमध्ये बेस वाजवतो, लग्नाच्या हंगामात त्याला श्वास घ्यायला फुरसत नसते. त्याने मला उपाय सांगितला: “मामा, गिटार सुरू झाली की तू बेस तोंडाने गुणगुण. कान आपोआप खाली उतरतो.” खरोखर उतरतो. करून बघा.

कॅम्पबेलच्या गटात काय सापडतं? ड्रम सतत हलत असतात, भरणा जास्त, जॅझकडे झुकलेला हात. पहिल्या अल्बममधलं ‘कान्ट बिलीव्ह इट्स ट्रू’ घ्या. त्यात रोरी सॅक्सोफोनही वाजवतो, आणि तिघं मिळून लय अशी खेळती ठेवतात की गाणं लांबूनही कंटाळा येत नाही. ‘ड्यूस’ त्याच वर्षी, नोव्हेंबरात आला. आवाज कच्चा, खोलीत बसून वाजवल्यासारखा. मला पहिल्यापेक्षा ‘ड्यूस’ आवडतो, आणि कारण सांगायचं तर ‘क्रेस्ट ऑफ अ वेव्ह’. त्या गाण्यात स्लाइड गिटार (तारांवरून नळी सरकवत वाजवलेली) वर जात राहते आणि खाली बेस-ड्रम तिला एक क्षणही सोडत नाहीत. ज्याला साथ म्हणजे काय ते ऐकायचंय त्याने इथून सुरुवात करावी.

डीएथच्या गटाशी मी सगळ्यात जास्त वेळ घालवलाय, तुम्हीही घालवा. हा ड्रमवाला तालाच्या थोडा पुढे झुकून वाजवतो, आता पडेल की काय असं वाटतं, आणि पडत नाही. वरून मार्टिनचा पियानो आल्यामुळे रोरीला दम घ्यायला जागा मिळते. ‘ब्लूप्रिंट’ आणि ‘टॅटू’ दोन्ही १९७३ चे. ‘ब्लूप्रिंट’मध्ये ‘वॉक ऑन हॉट कोल्स’ आणि ‘डॉटर ऑफ द एव्हरग्लेड्स’ ही दोन ठळक गाणी, बाकी जरा विखुरलेलं. ‘टॅटू’ मात्र सलग आहे. जत्रेतल्या माणसांवरचं ‘टॅटूड लेडी’, ‘क्रेडल रॉक’, आणि ‘अ मिलियन माइल्स अवे’. या शेवटच्या गाण्यात समुद्रकाठच्या हॉटेलच्या बारमध्ये एकटा बसलेला माणूस आहे, आणि भोवतीची गर्दी हळूहळू पांगत गेलेली. पावसाळ्यात कळंगुट-बागाच्या रिकाम्या किनाऱ्यावर ज्याने एखादी संध्याकाळ काढली असेल त्याला हे गाणं समजावून सांगावं लागत नाही.

दुसरी फेरी गाण्याची. सोलो वगळला तर मागे काय उरतं? चाल उरते का, शब्द उरतात का, आवाजात काही सांगायचं आहे का? ज्या अल्बममध्ये निदान चार गाणी या कसोटीला उतरतात तो माझ्या लेखी चांगला. ‘टॅटू’ सहज उतरतो. १९७६ चा ‘कॉलिंग कार्ड’ तर याच कसोटीवर सगळ्यांत वर जातो. डीप पर्पल या इंग्रज रॉक बँडच्या रॉजर ग्लोव्हरसोबत तो म्युनिकला ध्वनिमुद्रित झाला. एरवी रोरी स्वतःच निर्मितीची धुरा सांभाळायचा, इथे बाहेरचा कान आला आणि गाण्यांना आकार आला. ‘एज्ड इन ब्लू’मध्ये गिटार किती कमी बोलते ते बघा. ‘मूनचाइल्ड’ची ओळख दोन सुरांत होते. शीर्षकगीत तर रात्री उशिरा, दिवे मालवून ऐकायचं.

तिसरी फेरी गिटारची, पण जोडीने, आणि रोरीच्या बाबतीत ती टाळून चालणारच नाही. स्टुडिओतलं गाणं आणि तेच मैफलीतलं गाणं, लागोपाठ. केसरबाई केरकरांच्या जुन्या तबकड्या ज्यांनी ऐकल्यात त्यांना ठाऊक आहे, तीन मिनिटांच्या तबकडीत राग किती दाबून भरावा लागायचा. एलपीवर, म्हणजे नंतरच्या मोठ्या तबकडीवर, एका बाजूला वीसेक मिनिटं मिळतात, तरी रोरीला ती पुरत नव्हती. ‘ब्लूप्रिंट’वरचं ‘वॉक ऑन हॉट कोल्स’ सात मिनिटांच्या आसपास. ‘आयरिश टूर ७४’वर तेच अकरा मिनिटांपर्यंत जातं. आता प्रश्न विचारायचा तो असा: वाढलेल्या चार मिनिटांत काय घडलं? नुसतं लांबवलं असेल तर गुण कापा. इथे घडतं. गिटार हळू होते, बेस-ड्रम तिच्याबरोबर खाली बसतात, श्रोते टाळ्या धरतात, आणि मग चौघं एकदम उठतात. ही उठण्याची जागा मला तोंडपाठ आहे, तरी दर वेळी अंगावर काटा येतो.

‘आयरिश टूर ७४’ची ध्वनिमुद्रणं त्या वर्षीच्या जानेवारीतली, बेलफास्ट, डब्लिन आणि कॉर्कच्या कार्यक्रमांची. उत्तर आयर्लंडमध्ये तेव्हा बाँबस्फोट आणि गोळीबार रोजचे होते, बाहेरचे बँड बेलफास्टला जायचं टाळत होते. रोरी जात राहिला. ही माहिती अल्बमचे गुण वाढवायला वापरू नका, पण श्रोत्यांचा आवाज ऐकताना ती मनात असू द्या. ती माणसं घराबाहेर पडून आलेली आहेत. चौदांतला एकच अल्बम घ्यायचा असं कुणी मला म्हटलं तर मी हाच देतो. ‘लाइव्ह इन युरोप’ (१९७२) त्याच्या जवळ येतो. त्यात मॅन्डोलिनवर वाजवलेलं ‘गोइंग टू माय होम टाउन’ आहे, आणि पहिल्या अल्बममधलं ‘लॉन्ड्रोमॅट’ जोडीने ऐकायला मिळतं. १९८० चा ‘स्टेज स्ट्रक’ मात्र मला जड जातो. सगळं जोरात, सगळं एकाच उंचीवर. शांत जागाच नाही.

हेच मॅकेनाच्या पूर्ण गटाबद्दल थोडंफार म्हणता येईल. तो ताकदीचा ड्रमवाला, पियानो गेलेला, पुन्हा त्रिकूट. ‘फोटो-फिनिश’मधलं ‘शॅडो प्ले’ जबरदस्त आहे, ‘टॉप प्रायॉरिटी’वर ‘बॅड पेनी’ आणि इलेक्ट्रिक सितार लावलेलं ‘फिल्बी’ आहे. रॉक ऐकणाऱ्याला हे दोन अल्बम पहिल्या झटक्यात पकडतील. ब्लूजच्या ओढीने येणाऱ्याला थोडं थांबावं लागेल.

एक छोटी पण खात्रीची परीक्षा: अल्बममध्ये बिनविजेच्या गिटारवरचं गाणं असेल तर ते वेगळं काढून ऐका. तिथे आवाजाच्या भिंतीमागे लपता येत नाही. ‘अगेन्स्ट द ग्रेन’ (१९७५) मला एरवी मधल्या फळीतला वाटतो, पण त्यातलं जुन्या अमेरिकन गायक लेड बेलीचं ‘आउट ऑन द वेस्टर्न प्लेन’ रोरीने तारा वेगळ्या सुरांत लावून असं वाजवलंय की अमेरिकन गुराख्याच्या गाण्यात आयर्लंड ऐकू येतं. त्या एका गाण्यासाठी हा अल्बम घरात हवा.

शेवटच्या गटाकडे लोक दुर्लक्ष करतात, आणि ते मला खरंच खटकतं. ‘जिंक्स’ (१९८२) असमान आहे, मान्य. त्यानंतर पाच वर्षं नवा अल्बम नाही. पण १९८७ चा ‘डिफेंडर’ आणि १९९० चा ‘फ्रेश एव्हिडन्स’ हे वय झालेल्या, तब्येत ढासळत चाललेल्या माणसाचे अल्बम आहेत, आणि ते तरुणपणच्या मापाने मोजायचे नाहीत. ओनील सरळ, भरदार ठेका धरतो, फार सजवत नाही. त्या ठेक्यावर रोरी कमी सूर वाजवतो आणि प्रत्येकाला जास्त वेळ देतो. ‘फ्रेश एव्हिडन्स’वरचं ‘घोस्ट ब्लूज’ आणि ‘हेवन्स गेट’ ऐका. आवाज जाड झालाय, खरखरीत झालाय. ब्लूजला तो आवाज शोभतो. माझ्या वहीत हा अल्बम पहिल्या पाचांत आहे.

वहीबद्दल सांगायचं राहिलं. तारे देऊ नका. प्रत्येक अल्बमसाठी चार ओळी पुरेत: साथ कशी, सोलोशिवाय उभी राहणारी गाणी कोणती, मैफलीतली जोड कुठली, आणि पुन्हा लावावासा वाटला का. शेवटची ओळ महिन्याभराने भरा.

एलपीवर ऐकणाऱ्यांसाठी आपल्या हवेचं सांगायला हवं. मिरग लागला की गोव्यात तबकड्यांना बुरशी धरते, आणि बुरशीची कुरकुर ऐकून कुणी ‘ड्यूस’च्या कच्च्या आवाजाला दोष देऊ नये. तबकड्या उभ्या ठेवा, भिंतीपासून लांब. आतली कागदी पिशवी ओलसर वाटली तर बदला. ऊन पडेल त्या दिवशी कपाट उघडं ठेवा, पण तबकडी उन्हात नको. हणजूणच्या बुधवारच्या बाजारात कधीमधी जुन्या एलपी मिळतात. घेण्याआधी उजेडात तिरकी धरून बघा. सीडी किंवा ऑनलाइन ऐकत असाल तर आवृत्ती कुठली ते तपासा, कारण यांतल्या काही अल्बमांचं पुढे नव्याने मिक्सिंग (वाद्यांचे आवाज एकमेकांत बसवणं) झालंय आणि ड्रमचा आवाज त्यात बदललाय. साथीवरून पारख करणाऱ्याला हा फरक मोठा. जुनं मिक्स मिळत असेल तर मत त्यावरून बनवा.

रोरी गेल्यानंतर आलेले अल्बम या चौदांत मिसळू नका, त्यांचं पान वेगळं ठेवा. त्यांतला एक मात्र अभ्यासाला फार कामाचा आहे. १९७७-७८ च्या सुमारास सॅन फ्रान्सिस्कोला निर्माता एलियट मेझरसोबत एक पूर्ण अल्बम ध्वनिमुद्रित झाला होता, डीएथ आणि मार्टिन तेव्हा सोबत होते. रोरीला तो पसंत पडला नाही. त्याने तो रद्द केला, बँड बदलला आणि जर्मनीत मॅकेनाबरोबर त्यातली बरीच गाणी पुन्हा वाजवून ‘फोटो-फिनिश’ काढला. रद्द झालेलं २०११ मध्ये ‘नोट्स फ्रॉम सॅन फ्रान्सिस्को’ या नावाने आलं. ‘मिसिसिपी शीक्स’ दोन्हीकडे आहे. आधी २०११ चं लावा, मग १९७८ चं. गाणं तेच, गिटार त्याच माणसाची, बदललेली आहे ती साथ. दोन्ही ऐकून झाल्यावर रोरीचा निर्णय बरोबर होता की नाही ते तुमच्या वहीत लिहा. मला वाटतं त्या गाण्यापुरता तो बरोबर होता; ‘फोटो-फिनिश’वरचं ‘ओव्हरनाइट बॅग’ ऐकताना मात्र मला अजूनही पियानोची आठवण येते.