जुन्या युरोपियन सेक्स कॉमेड्या बघायच्यात? आधी कॉपी नीट निवडा

सत्तरच्या दशकातल्या युरोपियन सेक्स कॉमेड्या म्हणजे नुसते उघडेवाघडे सीन असं बऱ्याच जणांना वाटतं, आणि मिळेल ती कॉपी लावली की खरंच तसं वाटतं, कारण विनोद त्या कॉपीत उरलेलाच नसतो. (हे सगळं अर्थात १८ च्या वरच्यांसाठी.)

सबटायटल्सचा कंटाळा असेल तर ब्रिटिशांपासून सुरू करा, १९७४ चा 'कन्फेशन्स ऑफ अ विंडो क्लीनर', रॉबिन अ‍ॅस्कविथचा. आवडला तर त्याच मालिकेतले अजून तीन आहेत.

पण खरी मजा इटलीत. १९७१ ला पासोलिनीचा 'डेकॅमेरॉन' चालला आणि मागोमाग मध्ययुगातल्या चावट गोष्टींच्या सिनेमांची रांगच लागली, मग तोच चावटपणा पोलीस ठाण्यात, हॉस्पिटलात, लष्करी बराकीत शिरला. पोस्टरवर मोठी दिसते नटी एडविज फेनेक, पण हसवतो लिनो बान्फी, मला हा माणूस मनापासून आवडतो. तो दक्षिणेतल्या पुलियाचा, चिडला की 'आ' चा 'ए' करतो, म्हणजे 'पुत्ताना' ही शिवी त्याच्या तोंडी 'पुत्तेना' होते, आणि अर्धा विनोद त्या एका स्वरात असतो. इंग्रजी डबिंगमध्ये हा हेल पार धुऊन जातो आणि उरतो फक्त एक आरडाओरडा करणारा टकलू. सो ऑडिओ इटालियनच लावा, खाली सबटायटल्स. ओठ आणि आवाज मागेपुढे वाटले तर कॉपी खराब समजू नका, तिकडे आवाज नंतर स्टुडिओतच भरायचे.

आता लांबी. जुन्या युरोपियन डीव्हीडीवर सिनेमा सेकंदाला २४ ऐवजी २५ फ्रेमने पळतो, त्यामुळे ९० मिनिटांचा सिनेमा साधारण ८६ मिनिटांतच संपतो. चार मिनिटं कमी दिसली म्हणून लगेच 'कट केलाय' असं धरू नका, दहा-बारा गायब असतील तर मात्र नक्कीच शंका घ्या.

डेन्मार्कला नावं नीट वाचा. तिथे १९६९ ला पोर्नोग्राफीवरची बंदी उठली, १९७० पासून नट ओले सोल्टॉफ्टचे 'सेंगेकांट' म्हणजे 'पलंगाच्या कडेवर'चे सिनेमे आले, त्यातले सुरुवातीचे बऱ्यापैकी गोड आहेत, पण त्याच सोल्टॉफ्टची १९७३ पासूनची राशींच्या नावांची मालिका थेट हार्डकोर आहे, कॉमेडी समजून लावाल आणि दचकाल.

आणि दोन डिस्कमध्ये अडलात तर मूळ भाषेचा ऑडिओ असलेली घ्या, चित्र जरा मळकट असलं तरी चालेल.