मुदत ठेवीतली अपघात भरपाई आधी हवी असेल तर

मुंबई-गोवा महामार्गावरच्या अपघाताची भरपाई मंजूर झाली, पण रक्कम मुदत ठेवीत अडकली? बँकेत खेटे घालू नका. कोर्टाच्या आदेशाशिवाय मॅनेजर ती ठेव मोडू शकत नाही. ज्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने निवाडा दिला, मग ते रत्नागिरीचं असो वा अलिबागचं, तिथेच अर्ज करा. ‘घरखर्चासाठी’ एवढं लिहून भागत नाही. ऑपरेशनच्या खर्चाचा डॉक्टरांनी सही-शिक्क्यानिशी दिलेला अंदाज, कॉलेजच्या फीचं पत्र, होडीच्या इंजिनाचं कोटेशन, जे कारण असेल त्याचा कागद जोडा आणि लागेल तेवढीच रक्कम मागा. असे अर्ज यांत्रिकपणे फेटाळू नयेत, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये बजावलंय. वकिलांना तो निकाल अर्जात घालायला आवर्जून सांगा. अल्पवयीन मुलांच्या वाट्याबाबत न्यायाधीश जास्त कडक असतात, आणि ते रास्तच आहे.