लज्जागौरी ओळखायची कशी, नोंदवायची कशी

पाराखाली किंवा नांगरलेल्या रानात तळहाताएवढी बिनडोक्याची देवी सापडली, की ती भंगलेली समजून नदीत सोडली जाते. तसं करू नका. आधी मान नीट बघा.

डोकं तुटलेलं असेल तर मानेजवळ ओबडधोबड, वाकडातिकडा भाग दिसतो. लज्जागौरी ही सुफलतेची, मातृत्वाची देवी, आणि तिला बहुधा मुळातच डोकं नसतं. त्या जागी उमललेलं कमळ असतं आणि त्याच्या पाकळ्या खांद्यांवर टेकतात. मूर्ती झिजली की त्याचा नुसता गोल उंचवटा उरतो. समोरून उजेड पडला तर तोही सपाट दिसतो आणि बहुतेक चुका इथेच होतात. सकाळी किंवा संध्याकाळी बघा, नाहीतर टॉर्च एका बाजूला, जवळजवळ मूर्तीच्या पातळीत आडवा धरा. पाकळ्यांच्या कडा सावलीने उठून येतात.

मग बैठक. गुडघे दुमडून दोन्हीकडे फाकलेले, तळवे वर वळलेले: हीच उत्तानपाद ठेवण. हात असतील तर कोपरातून वर वळलेले, बहुधा हातात कमळं. काहींना हातच नसतात आणि धड पूर्णकुंभासारखं असतं. काहींना माणसाचं डोकंही असतं, तेव्हा निर्णय बैठकीवरून घ्यायचा. ताडून पाहायला कर्नाटकात बदामीच्या संग्रहालयात ठेवलेली, नागनाथकोल्ल गावची मूर्ती उत्तम. आपल्याकडे तेर आणि नेवाशाला अशा छोट्या मूर्ती मिळाल्या आहेत. पायाखालची कडही तपासा, कारण अक्षरं तिथे असू शकतात. आंध्रातल्या नागार्जुनकोंड्याच्या मूर्तीवर इक्ष्वाकू घराण्यातली राणी खंडुवुला हिचा लेख आहे.

फोटो समोरून, दोन्ही बाजूंनी, मागून आणि शक्य असल्यास खालून घ्या. शेजारी १० सेंमीची पट्टी ठेवा. मोबाइल मूर्तीच्या मध्यावर, सरळ धरा. अगदी जवळ गेलात तर गुडघे फुगलेले दिसतात, म्हणून दीड मीटर मागे सरून दुप्पट झूम करा. उंची, रुंदी, जाडी शिंप्याच्या कापडी टेपने मोजा, लोखंडी टेपने ओरखडे पडतात.

रेषा उठाव्यात म्हणून खडू किंवा पीठ चोळू नका, ते छिद्रांत बसतं आणि निघत नाही. भाजलेल्या मातीची मूर्ती पाण्याने धुऊ नका. कोरडा मऊ ब्रश पुरे. पूजेतल्या मूर्तीवर शेंदराचे थर असतील तर ते खरवडायचे नाहीत, आधी गुरवाला विचारून मगच फोटो काढा. गावात तिला कोणत्या नावाने हाक मारतात, नवस कशाचा बोलतात, हेही लिहून घ्या. मुलासाठीचा नवस असेल तर ती माहिती मापांइतकीच मोलाची आहे.

शेतात सापडली तर उपटून घरी नेऊ नका. गट नंबर, खोली, आसपासची खापरं आणि विटा जागेवरच नोंदवा, कारण काळ ठरवायला त्यांचाच आधार असतो. मग तहसील कचेरीत लेखी कळवा. १८७८ च्या निखात निधी (म्हणजे पुरलेलं धन) कायद्यानुसार जमिनीत दडलेली, १० रुपयांहून अधिक मोलाची वस्तू सापडली तर तशी सूचना जिल्हाधिकाऱ्यांना देणं बंधनकारक आहे.