ठाण्यातलं बेने इस्रायल घर कथेत आणताना

मराठी कथेत ज्यू पात्र, म्हणजे बहुधा कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या बेने इस्रायल ज्यू समाजातलं, आलं की पहिल्या दोन परिच्छेदांतच जहाज फुटतं. नौगावचा किनारा, वाचलेले सात पुरुष आणि सात बायका, तेलाचे घाणे, शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून 'शनिवार तेली' हे सगळं सांगून झालं की मग कुठे पात्राच्या हातात चहाचा कप येतो. पूर्वज जहाज फुटून किनाऱ्याला लागल्याची ही कथा समाजात पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते, तिचा मान आहेच. पण ठाण्याच्या चरईत राहणारा, बँकेतून निवृत्त झालेला माणूस रोज सकाळी उठून जहाज आठवत नाही. तो दूध आणायला जातो. त्याचं ज्यू असणं दिसतं ते त्याने कुठल्या दिवशी काय केलं नाही, ताटात काय घेतलं नाही, यातून. म्हणून कामाचा क्रम असा ठेवा: आधी कॅलेंडर, मग नाव, मग स्वयंपाकघर, मग शब्द. इतिहास शेवटी, आणि लागेल तेवढाच.

कॅलेंडर

कथेचं साल आधी पक्कं करा आणि त्या वर्षाचं हिब्रू कॅलेंडर आणि कालनिर्णय शेजारी शेजारी ठेवा. दोन्ही चांद्र, दोन्हींत अधिक महिने, एकोणीस वर्षांत साधारण सात. त्यामुळे सण बरेचदा हातात हात घालून येतात. तिश्री महिन्याची एक तारीख म्हणजे नवं वर्ष, रोश हशाना. ती घटस्थापनेच्या आसपास पडते. दहा तिश्रीला योम किप्पूर, पंचवीस तासांचा निर्जळी उपास. तो दसऱ्याच्या आसपास. १२ ऑक्टोबर २०२४ आणि २ ऑक्टोबर २०२५ या दोन्ही दिवशी दसरा आणि योम किप्पूर एकाच दिवशी होते. २०२३ मध्ये मात्र आपल्याकडे अधिक श्रावण आला आणि योम किप्पूर २५ सप्टेंबरला, दसरा २४ ऑक्टोबरला, असा महिन्याचा फरक पडला. साल न बघता 'दसऱ्याच्या दिवशी उपास' लिहिलंत तर अर्धी शक्यता चुकण्याची.

ठाण्यात या योगाला विशेष धार आहे. इथलं शार हशामाईम, म्हणजे 'स्वर्गाचं दार', हे १८७९ चं सिनेगॉग (ज्यूंचं प्रार्थनास्थळ) टेंभी नाक्याच्या परिसरात आहे, आणि टेंभी नाक्याचा नवरात्रोत्सव सगळ्या शहराला माहीत. आत पांढऱ्या कपड्यांत दिवसभर प्रार्थना, बाहेर ढोल आणि 'सोनं घ्या'. शेजारची मुलगी आपट्याची पानं घेऊन दारात उभी राहते. उपाशी बाई ती घेते, हसते आणि पेढा मात्र वाटीखाली झाकून ठेवते, संध्याकाळी तारे दिसेपर्यंत. एवढं पुरतं. तिथे पात्राच्या तोंडी उपासाचं महत्त्व घालू नका. स्वतःच्या घरातला उपास कोणी शेजारणीला समजावून सांगत बसत नाही.

हिब्रू दिवस सूर्यास्ताला सुरू होतो, मध्यरात्री नाही. शब्बाथ, म्हणजे आठवड्याचा विश्रांतीचा दिवस, शुक्रवारी संध्याकाळी लागतो, शनिवारी तारे दिसल्यावर सुटतो. दिवा सूर्यास्ताच्या अठरा मिनिटं आधी लावायची सर्वत्र प्रचलित रीत आहे. आता ठाण्याचं गणित मांडा. नोव्हेंबरअखेर सूर्यास्त सहाच्या आसपास, म्हणजे दिवा पावणेसहाच्या आत. सीएसएमटीहून फास्ट लोकलला पाऊण ते एक तास, स्टेशनवरून घरी पंधरा मिनिटं. माणसाला साडेचारलाच टेबल आवरायला हवं, आणि साहेब दर शुक्रवारी घड्याळाकडे बघणार. जुलैच्या सुरुवातीला सूर्यास्त सात वाजून वीस मिनिटांच्या जवळ, तेव्हा तोच माणूस साडेपाचची गाडी पकडूनही वेळेत पोचतो, रुळांवर पाणी साचलं नाही तर. एकाच पात्राच्या हातात हिवाळ्यात आणि पावसाळ्यात दोन वेगळ्या कथा येतात. ऋतू न ठरवता 'शुक्रवारी संध्याकाळी दिवा लागला' लिहिणं म्हणजे हातातलं नाट्य सोडून देणं.

सणांची नावं काळाप्रमाणे बदला. एकोणिसाव्या शतकातल्या कोकणी घरात रोश हशाना 'नव्याचा सण' होता, योम किप्पूर 'दरफळणीचा सण' म्हणजे दार लावून घेण्याचा, त्याच्या दुसऱ्या दिवशी 'शिळा सण'. पुरीम या मौजेच्या सणाला 'होळीचा सण' म्हणत. तो फाल्गुनी पौर्णिमेच्या आसपास येतो, तेव्हा नावाचं आश्चर्य नको. अव महिन्याच्या नवमीचा शोकाचा उपास 'बिरड्याचा सण' झाला, वालाच्या बिरड्यावरून. पणजीच्या तोंडी ही नावं शोभतात. आज घोडबंदर रोडच्या टॉवरमध्ये राहणारी तिची पणती 'योम किप्पूर' आणि 'पेसाह' (बेखमीर भाकरीचा सण) म्हणेल. पणतीच्या तोंडी दरफळणी घातलीत तर ते पात्र संग्रहालयातलं वाटेल.

नाव

आडनाव बहुधा कुलाब्याच्या, म्हणजे आजच्या रायगडच्या गावावरून: पेणकर, रोहेकर, किहीमकर, नौगावकर, दिवेकर, अष्टमकर, चेऊलकर. पहिलं नाव बायबलमधलं: डॅनियल, सॅम्युएल, रिबका, राहेल, एस्तेर. जुन्या काळात नावंही मराठी वळणाची होत: मुंबईचं पहिलं बेने इस्रायल सिनेगॉग १७९६ मध्ये बांधणारे सॅम्युएल एझिकेल दिवेकर लोकांत सामाजी हसाजी दिवेकर होते. १८५० च्या कथेत 'डॅनियल' खटकेल, १९५० च्या कथेत 'सामाजी' खटकेल.

सगळ्यात नेहमीची चूक 'कोहेन' आणि 'लेवी'. ही पुरोहित घराण्यांची आडनावं आहेत आणि बेने इस्रायलांत परंपरेने ती घराणी नाहीत. ससून हे बगदादी घराणं. त्यांची भाषा, पेहराव, श्रीमंती आणि मुंबईत येण्याचा काळ सगळं निराळं. कोचीनचे ज्यू तिसरे. चरईतल्या घराला ससूनची श्रीमंती चिकटवू नका.

स्वयंपाकघर

लेखक इथेच सर्वांत जास्त घसरतात, कारण चव कोकणी आहे आणि हात आपोआप कोळंबीकडे जातो. पंख आणि खवले दोन्ही असलेलाच मासा चालतो. पापलेट, रावस ठीक. कोळंबी, खेकडे, तिसऱ्या, माकुल, मोरी, शिंगाळा नाही. ठाण्याच्या बाजारात पात्राला पाठवलंत तर कोळीण 'ताजी कोळंबी आहे, घे' म्हणेल आणि ते पात्र नुसतं पुढे सरकेल. पुढच्या वेळी ती विचारणारही नाही. दोन ओळींत ओळख झाली.

मांस आणि दूध एका जेवणात येत नाही. म्हणून मटणाच्या जेवणानंतर दही, बासुंदी, तुपातला शिरा दाखवू नका. गोडात नारळाचं दूध येतं. नव्या वर्षाचा चिकाचा हलवा बघा: गहू भिजवून काढलेला चीक आणि नारळाचं दूध साखर घालून मंद आचेवर घोटतात, तळाला लागू न देता. तासभर हात थांबत नाही, त्यामुळे घरातलं कोणी ना कोणी पातेल्याशी उभं असतंच. दोन माणसांना एकत्र उभं करून बोलतं करायचं असेल तर याहून चांगली जागा मिळणार नाही.

शुक्रवारच्या किद्दूशला, म्हणजे शब्बाथ लागताना पेल्यावर म्हणायच्या प्रार्थनेला, बाटलीतली वाइन असेलच असं नाही. काळ्या मनुका काही तास पाण्यात भिजवून, कुस्करून, गाळून केलेलं सरबत ही इथली जुनी रीत. पेला उचलण्याआधी ते गाळून तयार हवं. शब्बाथ लागल्यावर घाईघाईने मनुका कुस्करणारी बाई लिहिलीत तर जाणकार वाचक तिथेच थांबेल.

मलिदा हा तर बेने इस्रायलांचा खास विधी. एलियाहू हन्नबीच्या नावाने नवस फेडताना, लग्नाआधी, नव्या घरात मलिदा होतो. भिजवलेले पोहे, किसलेला गूळ किंवा साखर, ओलं खोबरं, वेलची, सुका मेवा; शेजारी पाच तरी फळं. अर्धा किलो पोह्यांना एक मोठा नारळ आणि पावशेर गूळ धरला तर पंधरा-वीस जणांना प्रसादापुरतं होतं. पोहे पाण्यात ठेवून विसरलात तर लगदा होतो. चाळणीत धुऊन निथळले तर मोकळे राहतात. झाडाच्या फळाचा आशीर्वाद वेगळा, जमिनीतून येणाऱ्याचा वेगळा, म्हणून ताटातलं एकेक उचललं जातं. हिंदू वाचकाला हे सत्यनारायणासारखं वाटेल, वाटू द्या. पण तुम्ही मूर्ती, आरती, कुंकू आणू नका. एलियाहू देव नाही, संदेष्टा आहे. अलिबागजवळच्या खंडाळ्यात त्याच्या रथाची खूण दाखवतात, तिथेही नवस बोलले जातात.

शब्द

घरातली भाषा मराठीच. बोलीला उगाच परकी धाटणी देऊ नका. आई, आजी, काका, मावशी, सगळं आपल्यासारखंच. फरक पडतो तो पूजास्थानाभोवतीच्या शब्दांत. जुनी माणसं सिनेगॉगला 'मशीद' म्हणत. मुंबईतलं ते १७९६ चं सिनेगॉग 'जुनी मशीद' म्हणून ओळखलं जातं. प्रार्थना चालवतो तो हझान, व्यवस्था पाहतो तो शामाश, पंचांतला मुख्य तो मुकादम. ठाण्याच्या कथेत दाढीवाला 'रब्बी' (ज्यू धर्मगुरू) हा परदेशी सिनेमातून आलेला पाहुणा आहे. इथला समाज पूर्वापार हझान आणि काजी (समाजातलेच धर्मकार्य पाहणारे) यांच्यावर चालला. तोराची, म्हणजे मूळ धर्मग्रंथाची, गुंडाळी ठेवायचं कपाट म्हणजे हेखाल. सामूहिक प्रार्थनेला परंपरेने दहा प्रौढ पुरुष लागतात, आणि निम्मं कुटुंब इस्रायलला गेलेल्या शहरात दहावा माणूस शोधणं ही आयतीच कथा आहे.

दुसरी घसरण ख्रिस्ती मराठीकडे होते. 'जुना करार' म्हणू नका. नवा करार मानणाऱ्याच्याच दृष्टीने तो जुना. तोरा किंवा तनाख (सगळे हिब्रू धर्मग्रंथ मिळून) म्हणा. 'प्रभू'ऐवजी परमेश्वर. दाराच्या चौकटीवरचा मेझुझा म्हणजे ताईत नव्हे: आत शिरताना उजव्या हाताच्या चौकटीवर, वरच्या तिसऱ्या भागात बसवलेली डबी, आत चर्मपत्रावर हाताने लिहिलेला मजकूर. बोटं लावून ओठांना नेतात, न बघता. वर्षानुवर्षांच्या बोटांनी तिथला रंग गेलेला असतो.

दुखणं कोणाचं

ज्यू म्हटलं की छळछावण्या, ही सवय युरोपच्या साहित्याने लावली. बेने इस्रायलांच्या घरगुती आठवणीत ते येत नाही. इथे त्यांना धर्मापायी छळ सोसावा लागला नाही. त्यांचं दुखणं दुसरं आहे. १९४८ नंतर लोक इस्रायलला जाऊ लागले आणि तिथे पोचल्यावर १९६२ मध्ये रब्बींच्या सत्तेने बेने इस्रायलांच्या लग्नाआधी पूर्वजांची चौकशी करायचे निर्देश काढले. ज्यांनी कोकणात शतकानुशतकं शनिवार पाळला त्यांना 'तुम्ही ज्यू का?' असं विचारलं गेलं. आंदोलन झालं, १९६४ मध्ये प्रश्न सुटला. त्या काळात लेकीचं लग्न ठरलेला ठाण्यातला बाप लिहायचा असेल तर अश्दोद, दिमोना, बीरशेबा या इस्रायलमधल्या गावांहून येणारी पत्रं लिहा. ती मराठीत असतील. इस्रायलमध्ये 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक निघतं, यावरून काय ते समजा.

साल ठरवताना आणखी एक: महाराष्ट्रात ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा २०१६ मध्ये मिळाला. २०१० च्या कॉलेज प्रवेशाच्या प्रसंगात तो आणू नका.

काय वाचावं, कुठे जावं

इंग्रजीत लिहिणारे बेने इस्रायल कवी निस्सीम एझिकेल (१९२४–२००४) यांची विंचवाची कविता आधी वाचा. आई, विंचू, मंत्र पुटपुटणारे शेजारी, शंकेखोर वडील. 'ज्यू' शब्द कुठेच नाही. मग एस्तेर डेव्हिड यांची राहेलवरची कादंबरी, जिला २०१० चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. स्वयंपाक कथा कसा पुढे नेतो ते त्यात दिसतं. १८७४ च्या पुण्याच्या हगादाची चित्रं इंटरनेटवर सापडतात: पेसाहची हिब्रू-मराठी पोथी, आणि बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका साडीत. ठाण्यात १८९३ पासून मराठी ग्रंथसंग्रहालय आहे. तिथल्या जुन्या मासिकांत शोधायला बसलात तर 'ज्यू' शब्दासोबत 'बेने इस्रायल', 'यहुदी' आणि 'इस्राएल लोक' हेही शोधा, नाहीतर निम्मं हातातून सुटेल.

सिनेगॉग पाहायचं तर आधी पत्र द्या, ओळखपत्र न्या. २००८ च्या हल्ल्यानंतर सुरक्षा कडक आहे आणि त्यात अपमान वाटून घेण्यासारखं काही नाही. पुरुषांनी डोकं झाका. शनिवारी गेलात तर वही, पेन, फोन काहीच काढू नका, डोक्यात ठेवा आणि घरी येऊन लिहा. नवी मुंबईच्या बाजूला राहणाऱ्यांना पनवेलचं बेथ एल, १८४९ चं, जवळ पडेल.

मसुदा झाला की पहिल्या पानावरचा 'ज्यू' शब्द खोडून तो दोघांना द्या. एक नौपाड्यातला कुठलाही वाचक: त्याला काहीतरी वेगळं चाललंय हे कळलं पाहिजे, नाव नाही कळलं तरी चालेल. दुसरा समाजातला कोणी वडीलधारा. त्यांना चुकांवर खूण करायला पेन्सिल द्या, दोन आठवडे द्या, आणि कसं वाटलं ते विचारायला शनिवारी फोन करू नका.