प्राध्यापकांची बदली आणि पगाराचा फरक: कोर्टात जाण्याआधी या चुका टाळा

बदलीचा अर्ज फेटाळला गेला आणि त्याच वेळी पगाराचा फरकही अडकला, की अनेक प्राध्यापक दोन्ही गाऱ्हाणी एकाच अर्जात घालतात. असे करू नका. बदली ही विनंती असते, केलेल्या कामाचा पगार हा हक्क असतो. दोन्हींची गाठ मारली की भक्कम मागणीसुद्धा कमकुवत मागणीपायी रखडते. अर्ज वेगळे करा आणि प्रत्येकाची आवक शिक्का असलेली प्रत जपा.

बदली हक्क म्हणून मागणे

उत्तर प्रदेशातल्या अमरोहा येथील एका अधिव्याख्यातेने दुसऱ्या महाविद्यालयात बदली मागितली होती. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. अमुकच ठिकाणी बदली करा असा आग्रह कर्मचाऱ्याला धरता येत नाही, गरज पाहून ते नियोक्त्याने ठरवायचे, असे न्यायालयाने 2021 मध्ये सांगितले. पती-पत्नी एकत्रीकरणाचे धोरणही मार्गदर्शक आहे, त्यातून हक्क निर्माण होत नाही, हे 1993 पासून ठरलेले आहे. म्हणून ‘मला तिथेच द्या’ असे लिहिण्यापेक्षा अर्जावर निर्णयच झाला नाही, किंवा ठरलेले निकष डावलले, हे कागदानिशी मांडा.

मनाविरुद्ध बदली झाली असेल तर गोष्ट वेगळी. महाराष्ट्रातल्या सरकारी महाविद्यालयांना राज्याचा 2005 चा बदल्यांचा कायदा लागू आहे. सर्वसाधारण कार्यकाळ तीन वर्षांचा आणि बदल्यांचा हंगाम एप्रिल-मे. मुदतीआधी हलवायचे तर विशेष कारणे लेखी नोंदवावी लागतात आणि वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते. माहिती अधिकारात ती टिपणी मागवा. तिच्यात कारणच नसेल तर तुमची बाजू तिथेच भक्कम होते.

कार्यमुक्त केल्यावर घरी बसणे

बदलीविरुद्धचा अर्ज प्रलंबित आहे एवढ्या कारणावर नव्या ठिकाणी रुजू न होणे सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्येच अमान्य केले आहे. स्थगिती नसेल तर रुजू व्हा आणि रुजू अहवालात ‘माझे हक्क अबाधित ठेवून’ असे लिहा. नाहीतर ते दिवस अनधिकृत गैरहजेरीत जातात, पगार थांबतो आणि मूळ तक्रारीवर शिस्तभंगाचे प्रकरण चढते.

साधा राजीनामा देऊन दुसरीकडे जाणे

या चुकीचे नुकसान सर्वांत मोठे, आणि ते वर्षांनंतर कळते. खाजगी अनुदानित महाविद्यालयात नियोक्ता संस्था असते. त्यामुळे दुसऱ्या संस्थेत जाणे ही बदली नसते, ती नवी नेमणूक ठरते. अर्ज योग्य मार्गाने, म्हणजे सध्याच्या संस्थेमार्फत, गेला नसेल आणि ‘वैयक्तिक कारणास्तव’ राजीनामा दिला असेल, तर वेतन संरक्षण (आधीचा पगार कायम राहणे) आणि सेवेचे सातत्य दोन्ही धोक्यात येतात. महाराष्ट्रात 1 नोव्हेंबर 2005 आधी लागलेल्यांसाठी हे आणखी गंभीर आहे, कारण मध्ये खंड पडला तर जुन्या पेन्शनवरच प्रश्नचिन्ह लागते. राजीनाम्यातच नव्या नेमणुकीचा उल्लेख करा, ना हरकत प्रमाणपत्राचा क्रमांक घाला आणि शेवटचे वेतन प्रमाणपत्र हातात आल्याशिवाय निघू नका. सेवापुस्तिकेची प्रतही घ्या.

स्मरणपत्रांत वर्षे घालवणे

उच्च शिक्षण सहसंचालक कार्यालयाला दर सहा महिन्यांनी पत्र पाठवले म्हणून कोर्टात जाण्याची मुदत वाढत नाही. चुकीच्या वेतननिश्चितीचे नुकसान दरमहा होत राहते, त्यामुळे दुरुस्ती उशिरानेही मागता येते. थकबाकी मात्र साधारणपणे याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते, असे सर्वोच्च न्यायालयाच्या 2008 च्या निकालाचे सूत्र आहे. दहा वर्षे वाट पाहणाऱ्या प्राध्यापकाचे सात वर्षांचे कष्टाचे पैसे असेच बुडतात. मला हे फार अन्यायाचे वाटते, पण हिशेब असाच होतो.

हमीपत्रावर न वाचता सही

वेतन आयोगाच्या वेतननिश्चितीच्या वेळी ‘जादा रक्कम अदा झाल्यास परत करीन’ अशा कागदावर सही घेतली जाते. जादा दिलेल्या पगाराची वसुली निवृत्तांकडून, वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून किंवा पाच वर्षांहून जुन्या रकमेची करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाचा 2014 चा निकाल सांगतो. पण असे हमीपत्र दिले असेल तर ते संरक्षण कमकुवत होते, हे 2016 मध्ये स्पष्ट झाले. सही टाळणे सहसा शक्य नसते. म्हणून वेतननिश्चितीचा तक्ता स्वतः तपासा, वेतननिश्चिती तपासणाऱ्या पडताळणी पथकाचा शेरा वेळेत घ्या आणि आक्षेप आला तर लगेच लेखी उत्तर द्या.

चुकीचे दार ठोठावणे

सरकारी प्राध्यापकाने महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जायचे, मुदत सर्वसाधारणपणे एक वर्ष. अनुदानित वरिष्ठ महाविद्यालयात बडतर्फी किंवा पदावनती झाली, तर 2016 च्या विद्यापीठ कायद्याखालील न्यायाधिकरणात 30 दिवसांत अपील. कनिष्ठ महाविद्यालयासाठी शाळा न्यायाधिकरण, तिथेही 30 दिवस. पगाराच्या फरकाचा वाद मात्र या अपिलांत बसत नाही. वरिष्ठ महाविद्यालयातल्यांनी त्यासाठी विद्यापीठाची तक्रार निवारण समिती गाठावी किंवा उच्च न्यायालयात रिट याचिका करावी. आणि अपिलाचे तीस दिवस हुकलेच असतील, तर विलंब माफीचा अर्ज अपिलासोबतच जोडा.